आद्याक्षरं आधी की नंतर

माझे आजोबा तीन प्रसंगी इंग्रजीत बोलत. राग आला की, हिशेब जुळला की, आणि एखाद्या माणसाबद्दल मनापासून बरं बोलायचं असलं की. या तिसऱ्या प्रसंगासाठी त्यांच्याकडे एकच शब्द होता, जंटलमन. उच्चार अगदी असाच. ‘जं’वर सगळा भार आणि शेवटचा ‘मन’ आपल्या मनासारखा. पुण्यात लष्कराच्या एका हिशेब कचेरीत त्यांनी जन्मभर कारकुनी केली, त्यातली पहिली काही वर्षं गोऱ्या साहेबाच्या हाताखाली. तो साहेब बदली होऊन निघाला त्या दिवशी प्रत्येक कारकुनाच्या टेबलाशी गेला आणि त्याने हात मिळवला. एवढंच. पण ही गोष्ट मी लहानपणी इतक्यांदा ऐकलीय, की साहेबाचा हात कोरडा होता आणि करंगळीत अंगठी होती हेसुद्धा मला पाठ आहे. आजी पोळ्या लाटता लाटता म्हणायची, “हात मिळवला की झाला जंटलमन? मी चाळीस वर्षं चहा देतेय, मला कोण म्हणतं?” त्यावर आजोबा गंभीरपणे सांगत, “बायकांसाठी तो शब्द नाही.”

त्यांची यादी काही फार मोठी नव्हती. विसरलेली छत्री आठ महिने जपून ठेवणारा कोपऱ्यावरचा वाणी त्यात होता. खटला हरल्यावर जिंकलेल्या वकिलाच्या घरी पेढे घेऊन गेलेला एक वकील होता. दोन जावयांपैकी एकही नव्हता.

हा शब्द मला परत भेटला तो लंडनमध्ये. नणंदेचा मुलगा तिथे नोकरीला आहे, त्याने हौसेने लॉर्ड्स मैदान दाखवायला नेलं. मला क्रिकेटपेक्षा क्रिकेटभोवतीची माणसं जास्त कळतात, म्हणून मीही गेले. माहिती सांगणारे गृहस्थ सत्तरीचे, कोट, पॉलिश केलेले बूट, गळ्यात तिथल्या मेरिलबोन क्रिकेट क्लबचा तो सुप्रसिद्ध लालपिवळा टाय. त्या रंगजोडीला ते लोक ‘अंडं आणि बेकन’ म्हणतात. लाँग रूममधल्या तसबिरी दाखवून झाल्यावर त्यांनी आम्हाला बाहेर पायऱ्यांवर आणलं आणि हिरवळीकडे उघडणारं मधलं छोटं पांढरं फाटक दाखवलं. म्हणाले, इथून जंटलमन मैदानात उतरायचे. आणि प्लेअर, म्हणजे पैसे घेऊन खेळणारे? प्लेअर तिकडून, बाजूने. मग त्यांनी टिटमसचा किस्सा सांगितला.

किस्सा क्रिकेटवाल्यांना ठाऊक असेलच. फ्रेड टिटमस तेव्हा अगदी कोवळा पोरगा, मिडलसेक्सकडून पैसे घेऊन खेळणारा. तो फलंदाजीला निघाला आणि कर्ण्यावरून घोषणा झाली, की आपल्या हातातल्या गुणपत्रिकेत, म्हणजे स्कोअरकार्डात, एक दुरुस्ती करून घ्यावी. ‘एफ. जे. टिटमस’ असं छापलं आहे, ते ‘टिटमस, एफ. जे.’ असं वाचावं. बस. नाव तेच, अक्षरं तीच, फक्त जागा चुकली होती. जो हौसेखातर खेळतो त्याची आद्याक्षरं आडनावाच्या आधी आणि जो पोटासाठी खेळतो त्याची नंतर, असा तिथला रिवाज होता. छापखान्याने चुकून एका पोटार्थी पोराला सभ्य गृहस्थ करून टाकलं होतं, आणि अर्धा तास लोक त्याला तसं समजून बसले तर काय घ्या!

आमच्या घोळक्यातली माणसं हसली. मीही हसले. नंतर बसमध्ये भाच्याने विचारलं, “मामी, गप्प का?” म्हटलं, काही नाही रे, आजोबा आठवले.

जंटलमन हा शब्द आपण स्वभावाचा म्हणून वापरतो, पण तो कोर्टाच्या कागदावरचा शब्द आहे. इंग्लंडमध्ये १४१३ साली कायदा झाला, की कोर्टाच्या कागदात माणसाच्या नावापुढे त्याचा दर्जा किंवा धंदा लिहिलाच पाहिजे. शेतकरी असेल तर शेतकरी, लोहार असेल तर लोहार. ज्याला स्वतःचा असा धंदाच नाही, पण जो सरदारही नाही, अशाचं काय करायचं? थोरल्या घरातले धाकटे मुलगे, ज्यांना पदवी नाही, जमीन थोडकी, पण हाताला माती लागलेली नाही. त्यांच्यापुढे ‘जंटलमन’ लिहायला लागले. म्हणजे कागदावर शब्दाचा अर्थ एवढाच, की हा हाताने काम करत नाही. आपल्याकडे ‘सभ्य’ हा शब्द तरी काय वेगळा आहे? सभेत बसायला जो योग्य तो सभ्य. दारात कुणाला अडवायचं ते त्या शब्दातच आलं. ‘घरंदाज’, ‘खानदानी’, ‘कुलीन’ यांचं तर विचारूच नका.

पण भिंतीला तिथे एक खिडकी होती, आणि ती पैशाने उघडायची. स्ट्रॅटफर्डमधल्या जॉन शेक्सपिअर नावाच्या हातमोजे शिवणाऱ्या कारागिराला १५९६ साली कुलचिन्ह मिळालं. आधीही एकदा त्याने खटपट केली होती, तेव्हा जमलं नव्हतं. आता मुलगा लंडनमध्ये नाटकांवर चार पैसे कमवत होता. कुलचिन्ह मिळालं तसा बाप जंटलमन झाला आणि बापामागे मुलगाही. ‘हक्काविना नव्हे’ असं फ्रेंचमधलं बोधवाक्य त्यावर घातलं होतं. हक्क आहे असं ज्याला लिहून सांगावं लागतं त्याची घालमेल मला कळते. आमच्याकडे बंगल्याला नाव देताना माणसं जी घालमेल करतात ना, तीच.

एकोणिसाव्या शतकात या शब्दाला नीतीचा मुलामा चढला. गिरण्यांतून पैसा आला होता, गिरणीवाल्यांची मुलं सरदारांच्या मुलांशेजारी बसवायची होती, साम्राज्य चालवायला भराभर माणसं हवी होती. रग्बी शाळेत १८२८ साली हेडमास्तर म्हणून आलेल्या थॉमस अर्नल्डने आपल्या शाळेत काय शोधावं त्याचा क्रम सांगून ठेवला होता. आधी धर्म आणि नीती, मग जंटलमनसारखं वागणं, आणि सगळ्यात शेवटी बुद्धी. आपल्याकडच्या कुठल्याही पालकसभेत हा क्रम सांगून बघा. १८५२ साली डब्लिनच्या व्याख्यानांत जॉन हेन्री न्यूमनने व्याख्या केली, की दुसऱ्याला जो कधी दुखवत नाही तो जंटलमन. हे वाक्य दिवाणखान्यात टांगण्यासारखं आहे आणि लोकांनी टांगलंही. न्यूमन स्वतः धर्मगुरू होता आणि त्याला म्हणायचं होतं की एवढ्याने माणूस भला होत नाही, हे वरवरचं आहे. तो अर्धा भाग कुणी टांगला नाही.

या सगळ्याची परीक्षा मात्र क्रिकेटच्या मैदानात व्हायची. ‘जंटलमन विरुद्ध प्लेअर्स’ हा सामना १८०६ मध्ये पहिल्यांदा झाला आणि १९६२ पर्यंत होत राहिला. दीडशेहून जास्त वर्षं एका देशाने आपलीच माणसं दोन रांगांत उभी करून खेळवली. जंटलमन बहुतेक फलंदाज, प्लेअर बहुतेक गोलंदाज. उन्हात धावत येऊन अंग मोडणारं काम मजुरीचं, आणि उभं राहून ऐटीत टोलवणं ही कला. शेतावर जे होतं तेच.

यातला सगळ्यात मोठा जंटलमन म्हणजे दाढीवाला डब्ल्यू. जी. ग्रेस. पैशासाठी खेळत नसलेला, पुढे डॉक्टर झालेला हा गृहस्थ १८७३-७४ च्या हिवाळ्यात संघ घेऊन ऑस्ट्रेलियाला गेला तेव्हा त्याने स्वतःचे १५०० पौंड ठरवून घेतले. सोबतच्या पोटार्थी खेळाडूंना प्रत्येकी १५०, वर हातखर्चाला २०. जहाजात तो पहिल्या वर्गात, ते दुसऱ्या. तरी तो हौशी आणि ते पगारी. घेतलेल्या पैशाला काय म्हणायचं हे ज्याच्या हाती असतं, तो कधी पगारी होत नाही. त्याचा ‘खर्च’ होतो.

वॉल्टर हॅमंडची गोष्ट त्याहून गमतीची. वर्षानुवर्षं इंग्लंडचा सर्वोत्तम फलंदाज, पण पगारी, त्यामुळे कप्तानपदाच्या जवळपासही नाही. पगारी माणूस इंग्लंडचा कप्तान होण्याची पाळी देव न आणो, असं यॉर्कशरचा जुना कप्तान लॉर्ड हॉक १९२५ साली उघड बोलून गेला होता. १९३७ च्या शेवटी हॅमंडला एका कंपनीत बरी जागा मिळाली, त्याने क्रिकेटची मजुरी सोडली, आणि १९३८ च्या उन्हाळ्यात तोच हॅमंड, त्याच मनगटांनी, इंग्लंडचा कप्तान म्हणून उतरला. आद्याक्षरं उडी मारून पुढे आली होती.

पुढे १९५२ साली लेन हटन पगारी राहूनच कप्तान झाला. त्याची पहिली कसोटी हेडिंग्लेला, समोर विजय हजाऱ्यांचा आपला संघ. दुसऱ्या डावात धावफलकावर शून्य धावा आणि चार बळी. इंग्लंडच्या वर्गव्यवस्थेला तडा गेला त्या दिवशी आपण असे साक्षीला होतो. चार भोपळ्यांपैकी तीन गायकवाड, मंत्री आणि मांजरेकर यांचे, म्हणजे मराठी माणसाने आपला वाटा उचलला नाही असं कुणी म्हणू नये. त्यांतले दोन आणि पंकज रॉयचा तिसरा बळी घेणारा फ्रेड ट्रूमन हा यॉर्कशरच्या खाणकामगाराचा मुलगा. हटनला स्वतःच्या यॉर्कशर परगण्याने मात्र कधी कप्तान केलं नाही. देशाचा होऊ शकतो, आमचा नाही!

पण मला राहून राहून आठवतो तो एक ॲश-ट्रे.

१९३२-३३ ची ऑस्ट्रेलियातली मालिका. इंग्लंडचा कप्तान डग्लस जार्डिन. विंचेस्टर, ऑक्सफर्ड, डोक्यावर रंगीत पट्ट्यांची हार्लेक्विन टोपी, गळ्यात रेशमी रुमाल. हा गृहस्थ जन्मला होता मुंबईत, मलबार हिलवर, १९०० साली. वडील इथल्या कोर्टातले नामांकित बॅरिस्टर. ऑस्ट्रेलियाचा फलंदाज ब्रॅडमन नावाचं संकट आवरायचं कसं, यावर त्याने शोधलेला तोडगा साधा होता. चेंडू स्टंपावर नाही, छातीवर टाकायचा, आणि लेग बाजूला क्षेत्ररक्षकांचं कडं उभं करायचं. तो टाकायला माणूस होता हॅरोल्ड लारवुड. नॉटिंगहॅमशरच्या खाणवस्तीतला. चौदाव्या वर्षी जमिनीखाली खाणीत तट्टं हाकायला लागलेला. त्याच्याइतका वेगवान तेव्हा जगात कुणी नव्हता.

ॲडलेडला ऑस्ट्रेलियाचा कप्तान वुडफुल याच्या छातीवर चेंडू बसला. विचारपूस करायला आलेल्या इंग्लंडच्या व्यवस्थापकाला तो म्हणाला, मैदानात दोन संघ आहेत, एक क्रिकेट खेळतोय, दुसरा खेळत नाही. वुडफुल हा शाळामास्तर. जंटलमनपणाचं शिक्षण ज्यांनी द्यायचं त्यांच्याच तोंडावर एका वसाहतीतल्या मास्तराने पाटी आणि पेन्सिल ठेवली. दोन देशांत तारा गेल्या, ‘अखिलाडू’ असा शब्द त्यांत आला आणि लंडनमध्ये आग लागली. चोर म्हटलं असतं तरी कदाचित चाललं असतं.

त्याच संघात गबी अॅलन नावाचा आणखी एक वेगवान गोलंदाज होता. त्याने कप्तानाला स्पष्ट सांगितलं, मी असले चेंडू टाकणार नाही. त्याला कुणी काही केलं नाही, कारण अॅलन हौशी होता, जंटलमन होता. नाही म्हणण्याची ऐपत त्याच्याकडे होती. पुढे १९३६ मध्ये तो कप्तानही झाला. लारवुड पगारी. त्याने कप्तानाचं ऐकलं, मालिकेत ३३ बळी घेतले, पाय मोडून घेतला. मग ऑस्ट्रेलियाशी परत गोडी करायची वेळ आली तेव्हा त्याच्यापुढे कागद ठेवला गेला, की यावर सही करून माफी माग. तो म्हणाला, माफी मागण्यासारखं मी काही केलेलं नाही. इंग्लंडकडून तो पुन्हा कधी खेळला नाही.

आता ॲश-ट्रे. मालिका संपल्यावर जार्डिनने लारवुडला चांदीचा एक ॲश-ट्रे दिला होता. त्यावर कोरलं होतं, ‘हॅरोल्डला, ॲशेसबद्दल, कृतज्ञ कप्तानाकडून’. इंग्लंड-ऑस्ट्रेलियातल्या राखेच्या करंडकासाठी, म्हणजे ॲशेससाठी, राखेचं भांडं. विनोदबुद्धी होती हं माणसाला! १९५० साली लारवुड बायको आणि पाच मुलींना घेऊन ऑस्ट्रेलियात कायमचा राहायला गेला. ज्या लोकांच्या बरगड्यांवर त्याने चेंडू मारले त्यांनीच त्याला घर दिलं. गेला तो ‘ओरोन्टेस’ नावाच्या जहाजाने. १९३२ साली संघ घेऊन गेलेलं जहाज तेच. ॲश-ट्रे त्याने शेवटपर्यंत जपला. आणि आपल्या कप्तानाचा उल्लेख तो म्हातारपणीही करायचा तो ‘मिस्टर जार्डिन’ असाच. ॲश-ट्रेवर बघा, ‘हॅरोल्ड’. वरून खाली येताना पहिलं नाव, खालून वर जाताना मिस्टर.

यावरून सगळं ढोंगच होतं असं म्हणून मोकळं व्हायला मला आवडलं असतं. पण ओट्स आडवा येतो.

कॅप्टन लॉरेन्स ओट्स, ईटनमध्ये शिकलेला, घोडदळातला. १९१० मध्ये तो आपल्याकडे मध्य हिंदुस्थानात महूच्या छावणीत होता, तिथून अर्ज करून स्कॉटच्या दक्षिण ध्रुवाच्या मोहिमेत गेला, वर पदरचे हजार पौंड घालून. काम काय, तर मोहिमेची तट्टं सांभाळायचं. १९१२ च्या मार्चमध्ये ध्रुवावरून परत येताना त्याचे पाय बर्फाने सडले होते. त्याच्यामुळे सगळ्यांचीच चाल मंदावली होती. एका सकाळी बाहेर वादळ असताना तो तंबूत म्हणाला, “मी जरा बाहेर जातो. थोडा वेळ लागेल.” आणि गेला. पुढे कुणालाच दिसला नाही. वय बत्तीस, तेही त्याच सुमारास पुरं झालेलं. स्कॉटने डायरीत लिहिलं, की ही एका शूर माणसाची आणि इंग्लिश जंटलमनची कृती होती.

हे वाक्य वाचताना माझ्या मनात दरवेळी एक वेडा विचार येतो. मराठी माणूस निघताना ‘जातो’ म्हणत नाही, ‘येतो’ म्हणतो. ‘जातो’ म्हणालं की घरातली बाई तोंडावर हात ठेवते. ओट्स मराठी असता तर शेवटच्या वाक्यात त्याला खोटं तरी बोलावं लागलं असतं, नाहीतर सगळं उघड तरी करावं लागलं असतं. त्याच्या भाषेने त्याला मधली वाट दिली. थोडा वेळ लागेल. यात खोटं काहीच नाही, आणि तंबूतल्या कुणाला थांबवण्याचा धर्मसंकटात टाकणारा अवसरही नाही. दुसऱ्याला न दुखवणं म्हणतात ते इथे मला खरंखुरं दिसतं आणि मी गप्प होते.

मग त्याच तंबूतला एडगर एव्हन्स आठवतो. वेल्सचा, साधा नौसैनिक, ध्रुवापर्यंत गेलेल्या त्या पाचांत अंगापिंडाने सगळ्यात दणकट. ओट्सच्या एक महिना आधी तोही असाच खचत खचत मेला. शोध घ्यायला गेलेल्यांनी ओट्ससाठी बर्फाचीच रास रचली आणि वर लिहिलं, ‘इथेच कुठेतरी एका अत्यंत शूर जंटलमनला मरण आलं’. एव्हन्सच्या वाट्याला काय आलं? बातमी इंग्लंडात पोचल्यावर काही वर्तमानपत्रांनी लिहिलं, की त्याच्यामुळे बाकीच्यांना उशीर झाला. दोघांचेही पाय थकले, दोघांमुळेही चाल मंदावली. एकाचं झालं हौतात्म्य, दुसऱ्याचं ओझं. बाहेर जातो म्हणायला शुद्ध शिल्लक असावी लागते, हेही खरं. एव्हन्सची उरली नव्हती.

महू म्हटलं की आपल्याला ओट्स आठवत नाही. तिथल्याच छावणीत, ओट्स तिथून निघाला त्याच्या एकोणीस वर्षं आधी, सुभेदार रामजींच्या घरी बाबासाहेब आंबेडकर जन्मले.

आता माझंच काय चाललंय बघा. वर मी ग्रेस ‘गेला’ लिहिलं, जार्डिनने ‘दिला’ लिहिलं, आणि बाबासाहेब ‘जन्मले’. परके आणि खेळाडू एकवचनात, आपले थोर आदरार्थी बहुवचनात. इंग्रजीत क्रियापदाला ही सोय नाही, म्हणून त्या बापड्यांना आद्याक्षरं पुढेमागे सरकवत बसावं लागलं. आपल्याला छापखान्याची गरजच नाही. आपण तोंड उघडलं की वर्गवारी झाली. तो आला, ते आले. अरे, अहो. घोषणा करून दुरुस्ती करायची वेळच येत नाही, कारण चूक होतच नाही.

आणि आपल्या गुणपत्रिका? जुन्या गुणपत्रिकांत पुण्याचे प्राध्यापक देवधर असतात ‘डी. बी. देवधर’. नीट, आद्याक्षरं आधी, आडनाव पुढे. पालवणकर बंधू असतात ‘पी. बाळू’, ‘पी. विठ्ठल’, ‘पी. शिवराम’. म्हणजे आडनावाचंच झालं एक आद्याक्षर, आणि हाक मारायचं नाव उरलं सगळ्यांसमोर. टिटमसची निदान आद्याक्षरं मागे गेली होती, आडनाव कुणी काढून घेतलं नव्हतं.

बाळू पालवणकर १८७६ साली धारवाडला जन्मला. म्हणजे जन्मले. चांभार समाजातले, वडील फौजेत चाकरीला. पुण्यात गोऱ्या लोकांच्या जिमखान्यावर त्यांना खेळपट्टी झाडण्याचं, रूळ फिरवण्याचं, जाळी लावण्याचं काम होतं, महिना चार रुपयांवर. शिवाय साहेबांना सरावासाठी गोलंदाजी करायची. तिथला सगळ्यात मोठा फलंदाज कॅप्टन ग्रेग. तो म्हणे बाकीच्यांच्या आधी येऊन एकटा बाळूंसमोर सराव करायचा, आणि बाद झाला की दर बळीला आठ आणे द्यायचा. महिन्यातून दहादा उडवलं की पाच रुपये, म्हणजे पगारापेक्षा वरकड जास्त. पण इतकी वर्षं चेंडू टाकले, एकाही साहेबाने कधी बॅट हातात दिली नाही. फलंदाजी जंटलमनची. त्यांची रांग कुठेही लागो, गोलंदाज मागच्या फाटकाने.

मग हिंदूंच्या संघाला कळलं की या माणसाशिवाय गोऱ्यांना हरवता येणार नाही. घेतलं. मैदानावर घेतलं. चहाची वेळ झाली की सगळे आत मंडपात चिनी मातीच्या कपांतून चहा प्यायचे आणि बाळू बाहेर, मातीच्या कुल्हडात. जेवणाचं ताट वेगळं, टेबल वेगळं. त्यांचा चेंडू सगळ्यांनी हाताळायचा, कप नाही. १९११ साली पतियाळाच्या महाराजांच्या संघातून ते इंग्लंडला गेले आणि त्या दौऱ्यात एकूण ११४ बळी घेतले. हिंदू संघाचं कप्तानपद त्यांना कधीच मिळालं नाही. ते मिळालं त्यांच्या धाकट्या भावाला, विठ्ठलला, १९२३ साली. १९५२ चा हटन त्याच्यानंतर एकोणतीस वर्षांनी. एवढ्या एका बाबतीत आपण साहेबाच्या पुढे होतो, आणि त्यालाही किती वर्षं लागली ते बाळूंना विचारायला हवं होतं.

मातीच्या त्या कुल्हडाचं मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा चिडले होते. पुस्तक मिटून ठेवलं, आतल्या खोलीत गेले, परत आले. चिड नुसती इतिहासावरची असती तर एवढ्या फेऱ्या घालाव्या लागल्या नसत्या.

आमच्या वाड्याच्या मागच्या दारी खिडकीच्या चौकटीत एक कप पालथा असायचा. पांढरा, निळ्या काठाचा, कान तुटलेला. वाड्याची मोरी आणि मागची गल्ली साफ करायला एक म्हातारे येत, त्यांचा तो कप. आजोबांपेक्षा दहाएक वर्षांनी तरी मोठे असतील. आजोबा त्यांना ‘अरे’ म्हणत, ते आजोबांना ‘साहेब’. आम्ही पोरंटोरंसुद्धा ‘तो आला’ म्हणून आत वर्दी द्यायचो. आडनाव आमच्यापैकी कुणालाच माहीत नव्हतं. आई वरून चहा ओतायची, ते पायरीवर बसून फुंकर मारत प्यायचे, मागच्या नळावर कप विसळायचे आणि परत चौकटीत पालथा घालून ठेवायचे. काठ भिंतीला समांतर, कानाची तुटकी बाजू आत. एकदा आजोबांचं पैशांचं पाकीट मोरीत पडलं होतं, बहुधा धोतर पिळताना. त्यांनी ते उन्हात वाळवून, आतल्या ओल्या नोटा एकेक सुट्या करून आणून दिलं. आजोबांनी नोटा मोजल्या, हिशेब जुळला. “व्हेरी गुड,” म्हणाले. आणि एक रुपया दिला. त्या संध्याकाळी जेवताना मी वाट बघत होते. छत्रीवाल्या वाण्याला जो शब्द मिळाला होता तो आता येईल म्हणून. आजोबांनी ताक मागितलं.

आजोबा वाईट नव्हते. हे मी त्यांची नात म्हणून नाही लिहीत. कुणाचे दोन पैसे त्यांनी कधी बुडवले नाहीत, कुणाला टाकून बोलले नाहीत, रोज न चुकता बूट स्वतः पुसले. त्यांच्या साहेबाने टेबलाटेबलाशी जाऊन हात मिळवला, त्याची आठवण ते पन्नास वर्षं सांगत राहिले. खाली हात पुढे करायचा असतो हे त्या गोष्टीत होतं, आणि ती गोष्ट सांगणारे ते स्वतः होते.

आजोबा गेले त्याच्या दहाव्या दिवशी ते म्हातारे मागच्या दारी आले. काम करायला नाही, असेच. डोक्यावरचं पागोटं हातात. पायरीवर बसले. थोड्या वेळाने म्हणाले, “साहेब जंटलमन होते.” हाच शब्द, हाच उच्चार, ‘जं’वर भार. तीस वर्षं मागच्या दाराशी बसून ऐकलेला असणार.

आईला काय वाटलं कोण जाणे. ती आत गेली आणि पाहुण्यांच्या सेटमधली कपबशी घेऊन आली. गुलाबी फुलांची, कान धड असलेली. भरून त्यांच्या हातात दिली. त्यांनी एकदा तिच्याकडे बघितलं, चहा बशीत ओतून पूर्ण प्यायला, नळावर जाऊन कप विसळला, बशी विसळली, हाताने निपटली. आणि जाताना ती कपबशी खिडकीच्या चौकटीत, त्या निळ्या काठाच्या कपाशेजारी, पालथी घालून ठेवून गेले.

संध्याकाळी आई तिथे बराच वेळ उभी होती. गुलाबी कप उचलून आत सेटमध्ये ठेवायचा की तिथेच राहू द्यायचा, ते तिला ठरवता येत नव्हतं.